गृहकर्जाचा पुरता हिशेब

(नाशिक येथे कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गात केलेल्या भाषणाचा मजकूर)

गृहकर्ज हा ज्याचा त्याचा खाजगी व्यवहार आहे, त्याचा चळवळीशी काय संबंध, असा प्रश्न आपल्यापैकी काहींच्या मनात आला असेल. सातपूर किंवा अंबडच्या औद्योगिक वसाहतीतील कोणत्याही कामगाराचे पगारपत्रक आणि त्याचे कर्जखाते शेजारी शेजारी ठेवा, म्हणजे उत्तर मिळेल. वेतनवाढीसाठी आपण वर्षानुवर्षे झगडतो, वाटाघाटी लांबतात, अखेर दीड-दोन हजारांची वाढ पदरात पडते; आणि कर्जाच्या कागदावर न वाचता केलेल्या एका सहीने तेवढीच किंवा त्याहून मोठी रक्कम महिन्याकाठी, वीस-तीस वर्षे, निघून जाते. कामगाराच्या आयुष्यातील सर्वांत मोठा आणि सर्वांत दीर्घ मुदतीचा करार कामगार चळवळीच्या कक्षेबाहेर कसा राहील?

नवे नाशिक वसले तेव्हा सिडकोने पहिल्या योजनेपासून सहाव्या योजनेपर्यंत कामगारांसाठी लहान लहान घरे बांधली. शासनाच्या संस्थेने जमीन घ्यावी, घर बांधावे आणि त्याची किंमत सामान्य माणसाच्या आवाक्यात ठेवावी, अशी त्यामागील कल्पना होती. पुढे देशाच्या धोरणाचा भर घर बांधून देण्याकडून घरासाठी कर्ज मिळवून देण्याकडे सरकला. १९७० मध्ये हुडको, १९७७ मध्ये एचडीएफसी, १९८८ मध्ये राष्ट्रीय गृहनिर्माण बँक अशा क्रमाने गृहवित्ताची व्यवस्था उभी राहिली. कामगाराला बँकेच्या पायरीवरही उभे केले जात नव्हते त्या काळापेक्षा ही स्थिती निःसंशय बरी आहे. कर्ज मिळणे हे वाईट नव्हे. ते किती रुपयांना पडते हे न कळता मिळणे वाईट.

आता प्रत्यक्ष आकडे घेऊ. समजा, एका कामगाराने २५ लाख रुपयांचे कर्ज वीस वर्षांच्या मुदतीने साडेआठ टक्के दराने घेतले. त्याचा मासिक हप्ता सुमारे २१,६९६ रुपये येतो. असे २४० हप्ते भरल्यावर त्याने दिलेली एकूण रक्कम ५२ लाख ७ हजार होते. म्हणजे व्याजच २७ लाखांच्या वर, मुद्दलापेक्षा अधिक. साडेआठ टक्के हा आकडा कानाला लहान वाटतो. वीस वर्षे हा आकडा कोणी मोजत नाही.

हप्त्याच्या पोटात काय असते तेही पाहिले पाहिजे. पहिल्या महिन्याच्या २१,६९६ रुपयांतून १७,७०८ रुपये व्याजात जातात. मुद्दल फिटते ते ३,९८७ रुपये. व्याज शिल्लक मुद्दलावर मोजले जात असल्यामुळे आरंभीची वर्षे जवळजवळ व्याज भरण्यातच सरतात. पाच वर्षांत हा कामगार १३ लाख रुपये भरतो आणि त्याचे मुद्दल तीन लाखांनीही कमी झालेले नसते. मुद्दलाचा निम्मा भाग फिटायला १३ वर्षे १० महिने लागतात. पाचव्या-सहाव्या वर्षी कारखाना बंद पडला आणि घर विकण्याची पाळी आली, तर इतके हप्ते भरूनही बाकी एवढी कशी, असे तो कपाळाला हात लावून विचारतो. त्यात कोणी चोरी केलेली नसते. गणितच तसे मांडलेले असते, आणि ते त्याला कोणी समजावून सांगितलेले नसते.

याच हिशेबातून दुसरी गोष्ट निघते. हप्ता परवडत नाही असे म्हटले की समोरचा माणूस हसून सांगतो, मुदत वाढवू. तीस वर्षांची मुदत घेतली तर हप्ता १९,२२३ रुपयांवर येतो. महिन्याला २,४७३ रुपयांचा दिलासा मिळतो, आणि त्याची किंमत म्हणून एकूण १७ लाख १३ हजार रुपये जास्त भरावे लागतात. उलट पंधरा वर्षांची मुदत घेतली तर हप्ता २,९२३ रुपयांनी वाढतो आणि एकूण पावणेआठ लाख रुपये वाचतात. शिवाय पस्तिसाव्या वर्षी घेतलेले तीस वर्षांचे कर्ज पासष्टाव्या वर्षी फिटते. कारखान्यातून निवृत्ती होते अठ्ठावन्नाव्या किंवा साठाव्या वर्षी. भविष्यनिर्वाह निधीच्या पेन्शन योजनेत सरकारने २०१४ मध्ये किमान पेन्शन ठरवले ते महिना १,००० रुपये. उरलेली पाच-सात वर्षे हप्ता कोण भरणार? मुलगा. म्हणजे बापाने केलेल्या सहीचे ओझे पुढच्या पिढीच्या पहिल्या पगारावर येऊन बसते. कर्ज बापाकडून मुलाकडे जाण्याची ही रीत या महाराष्ट्राला नवी नाही.

तिसरी गोष्ट बदलत्या व्याजदराची. दर कमी-जास्त होण्याची जोखीम अशा करारात कर्जदाराच्या शिरावर असते. रिझर्व्ह बँकेचा रेपो दर मे २०२२ मध्ये चार टक्के होता. फेब्रुवारी २०२३ मध्ये, म्हणजे नऊ महिन्यांत, तो साडेसहा झाला. २०२२ च्या आरंभी ज्याने सात टक्क्यांनी २५ लाख घेतले त्याचा हप्ता १९,३८२ रुपये होता. दर साडेनऊवर गेला तेव्हा साडेचोवीस लाखांच्या बाकीवर एका महिन्याचे व्याजच १९,३९६ रुपये झाले. हप्ता तोच ठेवला तर तो व्याजालाही पुरत नाही. मुद्दल फिटण्याऐवजी वाढू लागते. देशभर असंख्य कर्जदारांच्या बाबतीत हप्ता न वाढवता मुदत मुकाट्याने वाढवली गेली. हप्ता तोच दिसतो म्हणून माणूस निर्धास्त राहतो, आणि त्याच्या आयुष्याची आणखी काही वर्षे गहाण पडतात. फेब्रुवारी २०२५ पासून रेपो दर उतरू लागला आणि डिसेंबर २०२५ मध्ये सव्वापाच टक्क्यांवर आला. परंतु वाढलेली मुदत तितकीच कमी झाली किंवा नाही, हे आपापल्या खात्यात जाऊन पाहिल्याखेरीज कळणार नाही. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांच्या नव्या बदलत्या दराच्या गृहकर्जांना रेपोसारख्या बाह्य दराशी जोडण्याचे बंधन आहे. गृहवित्त कंपन्यांवर ते बंधन नाही. दर उतरले तरी उतार सर्वांच्या दारी एकाच वेळी पोचत नाही, तो यामुळे.

येथे काही आक्षेप घेतले जातात. त्यांचा प्रामाणिकपणे विचार केला पाहिजे. पहिला आक्षेप असा की, भाड्याने राहिले असते तरी पैसे गेलेच असते. हे खरे आहे. म्हणून घर घेऊ नका, असे मी म्हणत नाही. भाडे आणि व्याज यांची तुलना करूनच निर्णय घ्यावा, एवढेच म्हणतो. दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे. रुपयाची किंमत घटत जाते, तेव्हा वीस वर्षांनंतरचे २१ हजार आजच्या २१ हजारांइतके जड नसतील. हेही खरे, परंतु कोणासाठी? ज्याचा पगार महागाईबरोबर वाढतो त्याच्यासाठी. कायम नोकरीतला, महागाई भत्ता मिळवणारा माणूस चलनवाढीच्या लाटेवर तरंगत हप्ता हलका करत जातो. कंत्राटी कामगाराचा पगार आहे तेथेच राहतो. त्याला महागाई वाण्याच्या दुकानातही मारते आणि बँकेच्या दारातही. एकाच कर्जाचा खरा भार दोन कामगारांवर निरनिराळा पडतो, तो असा. तिसरा आक्षेप करसवलतीचा. जुन्या करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजापोटी वर्षाला दोन लाखांपर्यंत वजावट मिळते. नव्या पद्धतीत राहत्या घराला ती नाही. आणि ज्याचे उत्पन्नच कराच्या खाली आहे त्याला तिचा उपयोग शून्य. सवलत मोठ्या पगाराला मिळते, उदाहरण मात्र लहान पगाराला दाखवले जाते.

मित्रहो, व्याजाच्या हिशेबाचा प्रश्न या भूमीत आधीही पेटला होता. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातील सुपे येथे शेतकरी उठले, आणि पुणे व नगर जिल्ह्यांत ते लोण पसरले. त्या उठावात त्यांचा रोख प्रामुख्याने होता तो सावकारांच्या घरातील कर्जरोख्यांवर आणि हुकूमनाम्यांवर. ज्या कागदावर आपण अंगठा उठवला, पण ज्यात काय लिहिले ते आपल्याला कधी कळले नाही, तो कागद त्यांना नष्ट करायचा होता. १८७९ मध्ये दख्खन शेतकरी साहाय्य कायदा आला. रोख्यावर लिहिलेली रक्कम अंतिम न मानता न्यायाधीशाने व्यवहाराच्या मुळापर्यंत जाऊन हिशेब तपासावा, हे त्या कायद्याचे मोठे तत्त्व. त्याच्याही आधीपासून हिंदू धर्मशास्त्रात दामदुपटीचा नियम होता: एका वेळी वसूल करायचे व्याज मुद्दलाहून अधिक असू नये. आजचे गृहकर्ज शब्दशः पाहता त्या नियमाचा भंग करत नाही, कारण व्याज साचत नाही, महिन्याच्या महिन्याला भरले जाते. परंतु व्याजाला कोठेतरी मर्यादा असावी, ही जी न्यायबुद्धी त्या नियमामागे होती, तिचे काय झाले?

१९८४ मध्ये बँकिंग नियमन कायद्यात २१-अ हे कलम दाखल झाले. बँकेने आकारलेला व्याजदर अवाजवी आहे एवढ्या कारणावरून न्यायालयाने व्यवहार पुन्हा उघडू नये, असे ते सांगते. पुढे २००२ च्या सरफेसी कायद्याने, नव्वद दिवस हप्ता थकून खाते अनुत्पादक ठरल्यावर साठ दिवसांची नोटीस देऊन, दिवाणी न्यायालयात न जाता तारण घर ताब्यात घेण्याचा अधिकार धनकोंना दिला. ठेवीदारांचा पैसा सुरक्षित राहावा हा हेतू आहे, आणि ठेवीदारही आपलेच लोक आहेत, हे मी विसरत नाही. पण १८७९ च्या कायद्याने जे दार शेतकऱ्यासाठी किलकिले केले होते, ते आजच्या घरकर्जदारासाठी लावून घेतले गेले आहे. सही केल्यानंतर दाद मागण्याची जागा इतकी अरुंद असेल, तर सही करण्यापूर्वीचे शहाणपण हाच त्याचा पहिला बचाव ठरतो.

सुदैवाने या बचावाची काही साधने आता नियमांत आहेत. ती वापरणारे हात हवेत. १ ऑक्टोबर २०२४ पासूनच्या नव्या कर्जांत धनकोने ठळक माहितीचे विवरणपत्र देणे बंधनकारक आहे. त्यात व्याजाबरोबर प्रक्रिया शुल्क, विमा, कायदेविषयक खर्च वगैरे धरून येणारा एकूण वार्षिक दर आणि संपूर्ण मुदतीचे हप्त्यांचे कोष्टक द्यावे लागते. हे पत्र कर्जदाराला समजेल अशा भाषेत असावे लागते, विचार करण्यास किमान तीन कामकाजाचे दिवस द्यावे लागतात, आणि त्यात नसलेला आकार कर्जदाराच्या स्पष्ट संमतीवाचून लावता येत नाही. तेव्हा नाशिकच्या कामगाराने ते मराठीतच मागावे. विम्याचा एकरकमी हप्ता कर्जात मिसळला असेल तर तो वेगळा काढून पाहावा. ५० हजारांचा विमा वीस वर्षांच्या कर्जात घातला की साडेआठ टक्क्यांनी १ लाख ४ हजारांना पडतो. विमा जरूर घ्यावा, पण त्यावर वीस वर्षे व्याज भरू नये.

ऑगस्ट २०२३ च्या आदेशाप्रमाणे दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, हे निवडण्याचा हक्क कर्जदाराला आहे. हप्ता व्याजालाही अपुरा पडेल अशी मुदतवाढ करता येत नाही. आणि दर तिमाहीला किती मुद्दल फिटले, किती व्याज गेले, किती हप्ते उरले याचे विवरण द्यावे लागते. वैयक्तिक कर्जदाराच्या बदलत्या दराच्या गृहकर्जाची मुदतपूर्व फेड केल्यास बँकेने दंड घेऊ नये, असा रिझर्व्ह बँकेचा आदेश २०१२ पासून आहे. वर सांगितलेल्या वीस वर्षांच्या कर्जात दरवर्षी एक हप्ता जादा भरला, बोनसमधून का होईना, तर कर्ज सव्वातीन वर्षे आधी फिटते आणि पाच लाखांच्या आसपास रक्कम वाचते. पूर्ण फेड झाल्यावर मूळ कागदपत्रे तीस दिवसांत परत मिळाली पाहिजेत. धनकोच्या दोषाने उशीर झाल्यास दिवसाला ५,००० रुपये भरपाई देण्याचा नियम १ डिसेंबर २०२३ पासून लागू आहे.

म्हणून माझी सूचना साधी आहे. प्रत्येक युनियनच्या कचेरीत आठवड्यातून एक संध्याकाळ कर्जाचे कागद वाचण्यासाठी राखून ठेवा. वेतनकराराची कलमे वाचू शकणारा कार्यकर्ता हप्त्याचे कोष्टकही वाचू शकतो. नाशिकरोडच्या मुद्रणालयात १९२८ पासून नोटा छापल्या जात आहेत. त्याच गावातील श्रमिकाला आपली एक नोट व्याजात किती जाते आणि मुद्दलात किती, हे ठाऊक असू नये, ही गोष्ट आपल्याला शोभणारी नाही. विवरणपत्रे तपासा, वाढलेल्या मुदतींची यादी करा, आणि दहा-वीस जणांनी मिळून लेखी विचारणा करा. एकट्या कर्जदाराचे पत्र फायलीत जाते. संघटनेच्या पत्राला उत्तर द्यावे लागते.

आणि एक मागणी कधीही सोडू नका. कर्ज हे गृहनिर्माण धोरणाला पर्याय होऊ शकत नाही. जमिनीचे भाव मोकळे सोडायचे, सार्वजनिक घरबांधणी आखडती घ्यायची, आणि भाव परवडत नाही म्हणणाऱ्याला तीस वर्षांची मुदत देऊन वाटेला लावायचे, याला धोरण म्हणत नाहीत. श्रमिकाला परवडेल अशा किमतीचे घर सार्वजनिक संस्थांनी बांधले पाहिजे, आणि ते घर त्याचे हात चालते आहेत तोवर पुरते त्याचे झाले पाहिजे.