संडासातला गॅस

लखनौच्या आलमबागेतून बोलतोय. आज विषय संडास धुण्याचा. हसू नका, आधी ऐका.

आमच्याकडे बोअरचं पाणी जड. भांड्यात पिवळट थर बसतो. दोन वर्षांपूर्वी दिवाळीच्या साफसफाईत कामवाल्या बाईंना मीच हुकूम सोडला, "ॲसिडवालं क्लीनर टाकलंय ना, वरून ब्लीचिंग पावडरही टाका." खिडकी बंद. मिनिटाभरात त्या खोकत बाहेर आल्या. "साहब, साँस नहीं आ रही." दारातच मला वास कळला. क्लोरीन! फौजेत जवानांना गॅस मास्क चढवायला शिकवणाऱ्यानेच घरात गॅस तयार केला होता.

जर्मनांनी २२ एप्रिल १९१५ ला ईप्रच्या खंदकांवर हाच सोडला होता. चार दिवसांनी आपली लाहोर डिव्हिजन तिथे उतरली. जमादार मीर दस्त यांचा व्हिक्टोरिया क्रॉस त्याच लढाईतला. हा वायू हवेच्या सुमारे अडीचपट जड. खाली साचतो, म्हणजे वाकून घासणाऱ्याला आधी गाठतो. तोंडाला बांधलेला रुमाल त्याला अडवत नाही.

बाईंना उघड्यावर बसवलं. खोकला थांबेना, म्हणून दवाखान्यात नेलं. फुफ्फुसांवरचा परिणाम काही तासांनीही दिसू शकतो, म्हणून डॉक्टरांनी रात्रभर ठेवून घेतलं. त्यांची मुलगी बाहेर बाकावर बसून होती. तिच्याकडे मला बघवेना.

आणि मिळवलं काय? पाण्याचा थर कॅल्शियमचा, तो ॲसिडनेच सुटतो. ब्लीच जंतू मारतं, थर काढत नाही. दोन्ही एकत्र केली की एकमेकांचं काम बिघडवतात, वर विष देतात. व्हिनेगरही ॲसिडच बरं का. अमोनियावालं काचेचं क्लीनरही ब्लीचजवळ नको.

तेव्हा एका दिवशी एकच वस्तू. खिडकी उघडी, पंखा चालू, हातात रबरी मोजे. लेबलवर लिहिलंय तेवढा वेळ थांबा, घासा, फ्लश करा. दुसरी वस्तू उद्या. डोळे चुरचुरले तर बादली-ब्रश तिथेच टाकून बाहेर पडा, आवरत बसू नका. दम लागला तर ११२. आणि ॲसिड थंड पेयाच्या रिकाम्या बाटलीत कधीही भरू नका, घरात नातवंडं असतात.

बाई आजही येतात. पावडरचा डबा आता बाल्कनीच्या कपाटात असतो. कुठली बाटली उघडायची ते त्याच ठरवतात. मी खिडकी उघडतो.