दुलाल दत्त : कात्रीमागचा माणूस

चित्रपट पाहून परतणारा प्रेक्षक नटनट्यांविषयी बोलतो, दिग्दर्शकाचे नाव घेतो. संकलकाची आठवण त्याला क्वचितच होते. काम उत्तम साधले की ते दिसेनासे व्हावे, हे या व्यवसायाचे यश आहे आणि त्याची व्यथाही. कलकत्त्याचे दुलाल दत्त यांनी असे अदृश्य राहणे आयुष्यभर पत्करले. ‘पथेर पांचाली’पासून (१९५५) ‘आगंतुक’पर्यंत (१९९१) सत्यजित राय यांचा प्रत्येक कथापट त्यांच्या हातांखालून गेला.

पैशाअभावी वारंवार रखडलेला ‘पथेर पांचाली’ मे १९५५ मध्ये न्यूयॉर्कच्या आधुनिक कला संग्रहालयात दाखवावयाचा होता. तारीख ठरलेली, संकलन अपुरे. अखेरच्या दिवसांत राय आणि दत्त यांनी रात्रीचा दिवस केला. पण या घाईची खूण चित्रपटावर उमटलेली नाही. मृत दुर्गेसाठी आणलेली साडी हरिहर पुढे करतो आणि सर्वजया कोसळते. तिचा आक्रोश ऐकू येतच नाही. त्या जागी तारशहनाई वाजते. मुद्रा आणि सूर यांचा सांधा किंचितही ढळता, तर त्या शोकाचा नुसता देखावा झाला असता.

राय दृश्यांची रेखाटने आधीच वहीत करून ठेवीत. मग संकलकाला उरते काय? सेकंदाला चोवीस चौकटी धावतात. त्यांतील नेमक्या कोणत्या चौकटीवर थांबावे, हा निर्णय वहीत होत नाही, संकलनाच्या मेजावरच होतो. ‘चारुलता’च्या (१९६४) अखेरीस पतिपत्नींचे हात परस्परांकडे पुढे येतात आणि भेटण्यापूर्वीच चित्र थिजते. ते हात भेटले असते तर दुरावा मिटला असता. त्या अंतरातच कथेचा सारा अर्थ आहे.

प्रेमचंदांच्या कथेवरील ‘सद्गति’ (१९८१) हा दूरदर्शनसाठी केलेला चित्रपट. पडदा लहान झाला, पण कसोटी तीच राहिली. ओम पुरींचा दुखी उपाशीपोटी लाकडाच्या ओंडक्यावर घाव घालीत राहतो. मोहन आगाशे यांचा ब्राह्मण सावलीत स्वस्थ असतो. या दोन दृश्यांच्या शेजारात जो संताप दाटतो, तो कोणत्याही संवादात सापडणार नाही.

दत्त २०१० मध्ये निवर्तले. फीत कापणारी कात्री आता संगणकामुळे मागे पडली आहे. पण कोठे थांबावे, हा प्रश्न यंत्र सोडवीत नाही. त्यासाठी माणसाचे मनच लागते.