दोन फेऱ्यांनंतर थांबलेला माणूस
(स्नेहमेळाव्यातील मनोगत)



मला भाषणाची सवय नाही. तीस वर्षं घाटातून प्रवासी गाडी चालवली, म्हणून गाडीबद्दलच बोलतो.

२४ ऑक्टोबर १९७६. आपण तेव्हा दहावीत होतो. त्या दिवशी जपानमध्ये फुजी पर्वताजवळ फॉर्म्युला वनची मोसमातली शेवटची शर्यत होती. ही हकिगत मला पुष्कळ वर्षांनी मुलाने सांगितली. निकी लाउडाचे ६८ गुण होते, जेम्स हंटचे ६५. ऑगस्टमध्ये जर्मनीत लाउडाची गाडी पेटून त्याचा चेहरा भाजला होता, फुप्फुसांत धूर गेला होता. तरी सहा आठवड्यांत तो पुन्हा शर्यतीत उतरला. अशा माणसाला भित्रा कोण म्हणेल?

फुजीला धो धो पाऊस, त्यात धुकं. शर्यत उशिरा सुरू झाली. पुढच्या गाडीने उडवलेल्या पाण्यात मागच्याला काही दिसेना. भाजलेल्या पापण्यांमुळे लाउडाला डोळ्यांची उघडझापही नीट जमत नव्हती. दोन फेऱ्या मारून तो आत आला आणि गाडीतून उतरला. इंजिन बिघडलं असं सांगायला त्याच्या संघातले लोक तयार होते. तो नाही म्हणाला.

पुढे पाऊस थांबला, रस्ता सुकू लागला. हंटचे टायर झिजले, ते बदलण्यात तो मागे पडला, पण अखेर तिसरा आला. चार गुण मिळाले. ६९ विरुद्ध ६८. एका गुणाने लाउडाचं जगज्जेतेपद गेलं.

आता माझं सांगतो. एका जुलैच्या रात्री पावसाने पुढचं काही दिसेना, म्हणून घाटाच्या तोंडाशी मी गाडी उभी केली. प्रवासी चिडले. एकाच्या मुलीचा सकाळी साखरपुडा होता. मी सांगितलं, "इंजिन तापलंय." सकाळी पाहिलं, तर दरड कोसळली नव्हती, रस्ता मोकळा होता. त्या बापाचा मुहूर्त मात्र चुकला.

थांबल्याचा मला पस्तावा नाही. खोटं बोलल्याचा आहे. भूमितीचे आपले सर म्हणायचे, "येत नसेल तर 'येत नाही' असं लिही, बनवाबनवी नको." ते मला वहीत जमलं, घाटात जमलं नाही. आज सरांसमोर कबूल करतो, इंजिन तापलं नव्हतं. मी घाबरलो होतो.

लाउडा पुढच्याच वर्षी पुन्हा जगज्जेता झाला. नसता झाला, तरी मी हीच गोष्ट सांगितली असती.