जुन्या फितीतील आपली ओळख



कागलचे शेख फत्तेलाल यांनी विष्णुपंत दामले यांच्यासह १९३६ साली 'संत तुकाराम' दिग्दर्शित केला. तो आजही पाहावयास मिळतो. परंतु हे दोघे कोल्हापूरच्या ज्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत घडले, तिचे बहुतेक मूकपट नष्ट झाले. फीत जपली तरच आठवण राहते.

जपलेल्या फितीचे पुढे काय होते? रशियात एस्फिर शुब या बाईंनी १९२७ साली झारच्या घरच्या व बातमीपटांच्या जुन्या फिती शोधून त्यांतून एक चित्रपट जोडला. राजवैभवाची दृश्ये त्यांनी कष्टकऱ्यांच्या दृश्यांशेजारी ठेवली आणि त्यांचा अर्थच पालटला. म्हणजे फीत जोडणारा तिचा अर्थ ठरवितो. आपली चित्रे आपण जोडली नाहीत, तर दुसरे कोणी ती स्वतःच्या मर्जीप्रमाणे जोडतील.

आपल्या घरांत लग्नाच्या जुन्या व्हिडिओ कॅसेट पडून आहेत. त्यांना बुरशी धरते, चित्र पुसट होते. पालकांनी त्या भंगारात न देता त्यांची नक्कल करून घ्यावी. विद्यार्थ्यांनी दादी-नानीला शेजारी बसवून, हा कोण, ते घर कोणाचे, हे तिच्याच बोलीत ध्वनिमुद्रित करावे. त्यातून पाच मिनिटांचा लघुपट होईल. घरातील स्त्रियांची संमती असेल तरच तो बाहेर दाखवावा.

चेहरे ओळखणारी माणसे हयात आहेत, तोवरच हे काम होण्यासारखे आहे.