फोन वाजतोय, उचला!

हेडफोन लावलेत ना? आज एका गोंधळाची गोष्ट.

ख्रिस गेथार्ड नावाचा विनोदवीर आहे. २००९ मध्ये त्याने न्यूयॉर्कमधल्या छोट्या नाट्यगृहात स्वतःच्या नावाचा शो सुरू केला आणि २०११ मध्ये तो पब्लिक ॲक्सेस टीव्हीवर नेला. म्हणजे काय? तर अमेरिकेत बऱ्याच शहरांत केबल कंपन्यांना काही चॅनल सामान्य नागरिकांसाठी सोडावे लागतात. तिथे जायचं, वेळ मागायचा, कार्यक्रम करायचा. कमाई शून्य!

मग काय, सगळा लाइव्ह धिंगाणा. सेटवर बँड, ‘ह्यूमन फिश’ म्हणून मासा बनलेला एक गडी, आणि प्रेक्षकांचे थेट फोन. फोनवर कोण काय बोलेल, नेम नाही. एखादी कल्पना सपशेल आपटली, तरी शो पुढे चालूच.

मी हे यूट्यूबवर पाहिलं, तेव्हा माझे चार एपिसोड झाले होते. ऐकणारे अकरा, त्यातली एक माझी आई. चौथ्यात नेमकी कुकरची शिट्टी घुसली. मी लाजून एपिसोडच उडवला. रात्रभर एकच डोक्यात, आपल्याला नाही जमणार. आणि हा माणूस तर दर आठवड्याला कॅमेऱ्यासमोर आपटत होता, हसून पुढचा फोन घेत होता!

पण त्याचं हसणं सोपं नव्हतं. त्याला नैराश्याचा आजार होता. २०१७ मध्ये एचबीओवरच्या ‘करिअर सुइसाइड’मध्ये तो त्यावर मोकळेपणाने बोलला. त्याचा शो २०१५ मध्ये फ्यूजनवर, पुढे ट्रू टीव्हीवर गेला आणि २०१८ मध्ये बंद पडला. त्याच वर्षी त्याचं पुस्तक आलं, ‘लूज वेल’. म्हणजे, हरायचं तर नीट हरा.

फोन मात्र सुटला नाही. २०१६ मध्ये त्याचा ‘ब्यूटिफुल/ॲनॉनिमस’ पॉडकास्ट सुरू झाला. एक अनोळखी माणूस, एक तास गप्पा, आणि नियम असा की ख्रिसने आधी फोन ठेवायचा नाही.

मला वाटतं, त्या सगळ्या गोंधळात खरं काम हेच होतं: समोरच्याचा फोन न ठेवणं.

तर आता शिट्टी आली तर येऊ दे, मी कापणार नाही. आणि तुम्हाला काही बोलायचं असेल, तर व्हॉइस नोट पाठवा. अडखळलात तरी चालेल. मी शेवटपर्यंत ऐकेन.