‘खराब रक्ता’ची चिकित्सा

अमेरिकेच्या अलाबामा राज्यात मेकन नावाचा परगणा आहे. कापसाची शेती आणि ती वाट्याने कसणारी गरीब कृष्णवर्णीय कुटुंबे, असे १९३२ साली त्याचे स्वरूप होते. त्या वर्षी सरकारी आरोग्यखात्याचे डॉक्टर तेथील टस्कीगी गावी आले आणि ‘तुमचे रक्त खराब आहे, आम्ही विनामूल्य तपासू’ असे सांगू लागले. ज्यांनी डॉक्टर क्वचितच पाहिला होता, त्यांना हा अनुग्रहच वाटला. नेण्याआणण्यास मोटार, तपासणीच्या दिवशी गरम जेवण, आणि पुढे तर दफनाच्या खर्चासाठी पन्नास डॉलर! आपला देह मानाने मातीआड व्हावा, ही गरिबाची आस केवढी असते! मात्र त्या पैशांच्या मोबदल्यात शवविच्छेदनास संमती द्यावी लागे. युनिस रिव्हर्स ही परिचारिका त्यांच्याच समाजातील होती; तिच्या शब्दावर सर्वांचा विश्वास बसे.

असे सहाशे पुरुष निवडण्यात आले. ३९९ जणांना उपदंश, म्हणजे आपल्याकडील गरमी, हा रोग होता. उरलेले २०१ तुलनेसाठी घेतलेले होते. औषधोपचार न केल्यास हा रोग मरेपर्यंत शरीराची काय गत करतो, एवढेच पाहावयाचे होते. रोग्यांना रोगाचे नावही सांगितले गेले नाही. पाठीच्या कण्यात सुई घालून पाणी काढावयाचे, तर त्यांना धाडलेल्या पत्रात त्यालाच ‘खास मोफत उपचार’ म्हटले होते.

महायुद्धानंतर पेनिसिलिन हे रामबाण औषध सर्वत्र मिळू लागले. त्यांना ते मिळू दिले नाही. युद्धकाळात तर सैन्यभरतीच्या मंडळाकडे नावांची यादी देऊन, या माणसांना उपचारांस पाठवू नये, अशी तजवीज झाली होती. रोग त्यांच्या बायकांपर्यंतही पोहोचला.

नवल असे की, हे सारे गुप्त नव्हतेच. १९३६ पासून निष्कर्ष वैद्यकीय नियतकालिकांतून उघडपणे छापले जात होते. ज्यांच्या देहावर प्रयोग चालला होता, त्यांच्यापासून तेवढे ते झाकलेले होते.

१९६६ साली पीटर बक्स्टन या खात्यातीलच तरुण कर्मचाऱ्याने आक्षेप घेतला. १९६९ साली तज्ज्ञांची समिती बसली आणि प्रयोग चालू ठेवावा, असे तिने ठरविले! अखेर जुलै १९७२ मध्ये वृत्तपत्रांनी वाचा फोडली, तेव्हा चाळीस वर्षांनी तो थांबला. राष्ट्राध्यक्ष क्लिंटन यांनी क्षमा मागितली ती १६ मे १९९७ रोजी. सहाशेंपैकी तेव्हा आठ जण हयात होते. त्यांतील पाच वृद्ध त्या समारंभास येऊ शकले.