आपलं बोलणं आपणच लिहावं



संमेलनाच्या अध्यक्षानं वर्षभराच्या साहित्याचा लेखाजोखा मांडावा, अशी रीत आहे. ती बाजूला ठेवून मी आज लिहिणाऱ्या अभिनेत्रीबद्दल बोलणार आहे. माझ्यासमोर नाव आहे सुषमा देशपांडे यांचं.

१९८९ मध्ये त्यांनी ‘व्हय, मी सावित्रीबाई’ हा एकपात्री प्रयोग लिहिला आणि स्वतःच रंगमंचावर उभा केला. नऊवारीतली एक बाई समोर येते आणि बोलायला लागते. नेपथ्याचा पसारा नाही, सोबतीला दुसरं पात्र नाही. म्हणून तर हा प्रयोग नाट्यगृहाबाहेर पडला, गावोगावी गेला. जिथं पडदा टांगायला खांब नव्हता, तिथल्या बायांनीही सावित्रीबाई पाहिल्या. पुस्तकातल्या फोटोला हार घालणं सोपं असतं. ती बाई समोर येऊन आपल्या डोळ्यांत बघून बोलू लागली, की मान वळवता येत नाही.

पुढे ‘बया दार उघड’मधून त्यांनी संत स्त्रियांना बोलतं केलं. तमाशातल्या बायांचं जगणं समजून घेऊन ‘तिच्या आईची गोष्ट अर्थात माझ्या आठवणींचा फड’ लिहिलं आणि तेही स्वतः सादर केलं. २०१७ च्या ‘अज्जी’ या हिंदी चित्रपटात अत्याचार झालेल्या नातीसाठी न्याय मागणारी म्हातारी त्यांनी केली. भूमिका मिळण्याची वाट बघत बसल्या असत्या, तर यातलं किती आपल्यापर्यंत पोचलं असतं?

सावित्रीबाई फुले यांच्या आयुष्यातला एक प्रसंग मला फार मोठा वाटतो. २८ नोव्हेंबर १८९० ला जोतीराव गेले. दत्तक मुलाच्या हक्काला भाऊबंदांनी हरकत घेतली, तेव्हा अंत्ययात्रेत टिटवं धरून सावित्रीबाई स्वतः पुढे चालल्या. कल्पना करा, त्या काळातलं पुणं, दुतर्फा बघणारी माणसं आणि हातात टिटवं घेतलेली बाई.

आता आपल्या वऱ्हाडाकडे या. जानेवारी २०१९ मध्ये यवतमाळला ९२ वं अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन भरलं. उद्घाटनासाठी बोलावलेल्या लेखिका नयनतारा सहगल यांचं निमंत्रण मागे घेतलं गेलं. ते चुकीचंच झालं, हे मी इथं स्पष्ट सांगते. पण त्यानंतर उद्घाटनाला जी बाई उभी राहिली, ती राजूरची वैशाली येडे होती. आत्महत्या केलेल्या शेतकऱ्याची पत्नी, अंगणवाडीत काम करणारी आणि ‘तेरवं’ नाटकात उभी राहणारी. श्याम पेठकरांनी लिहिलेल्या आणि हरीश इथापे यांनी बसवलेल्या या नाटकात शेतकऱ्यांच्या घरच्या बायाच रंगमंचावर येतात. नवरा गेल्यावर कर्ज कोणाच्या माथी येतं, सातबाऱ्यावर नाव चढवायला किती खेटे घालावे लागतात, सासरचे काय बोलतात, हे त्यांना कोणी शिकवावं लागत नाही. संमेलनाच्या मांडवात वैशालीताई बोलल्या, तेव्हा कापूस पिकवणाऱ्या घरातली विधवा पहिल्यांदाच साहित्याच्या मुख्य व्यासपीठावरून बोलते आहे, असं मला वाटलं. एवढी वर्षं आपण तिच्यावर कविता लिहीत होतो.

पण माझं मन इथं थांबत नाही. ‘तेरवं’ लिहिणाऱ्यांबद्दल मला आदर आहे. तरीही पुढचं नाटक त्या बायांपैकी कुणीतरी लिहावं, वऱ्हाडीत लिहावं, अशी माझी फार इच्छा आहे. बचत गटाचा हिशेब वहीत नीट मांडणारी बाई स्वतःची गोष्टही मांडू शकते. तिला सांगणारं कोणी हवं, आणि वेळ हवा. कापूस वेचणीच्या दिवसांत तिला तालमीला बोलावू नका, एवढं तरी आपण पाळू या.

आयोजकांकडे माझं एक मागणं आहे. पुढच्या वर्षी या मांडवात एक सबंध संध्याकाळ स्वतः लिहून स्वतः सादर करणाऱ्या बायांसाठी राखून ठेवा. त्यांच्या येण्याजाण्याचं भाडं आणि बुडालेली मजुरी संमेलनाच्या खर्चात धरा. माझं मानधन त्यासाठी मी आत्ताच देऊन टाकते.